मार्लेनेला एकही वाक्य नाही : इर्म हेरमान चित्रपटसत्राच्या कामाच्या नोंदी

८ जून २०२४

आजच्या बैठकीत सत्राचा विषय एकदाचा ठरला. ‘युद्धोत्तर जर्मनीतील खळबळजनक चित्रपट’ हा मोघम मथळा गेल्या वर्षापासून आमच्या फिल्म सोसायटीच्या यादीत पडून होता आणि त्याखाली नेमके काय दाखवायचे यावर दर वेळी नव्याने वाद होत असे. एका सदस्याचा आग्रह हिल्डेगार्ड क्नेफच्या १९५१ सालच्या ‘डी झ्युंडेरिन’साठी होता. काही क्षणांच्या नग्नतेमुळे आणि आत्महत्येच्या चित्रणामुळे चर्चने त्या चित्रपटाविरुद्ध उघड मोहीम चालवली होती, त्यामुळे ‘खळबळ’ या शब्दाला तो पुरेपूर जागतो हे खरे. पण क्नेफ ही तारका होती आणि तिच्यावर पुष्कळ लिहिले गेले आहे. मी अभिनेत्री इर्म हेरमानचे नाव घेतले तेव्हा टेबलाभोवतीच्या सात जणांपैकी पाच जणांनी ‘कोण?’ असे विचारले. त्या पाचही जणांनी जर्मन दिग्दर्शक राइनर वेर्नर फासबिंडरचे चित्रपट पाहिलेले होते, म्हणजेच तिला अनेकदा पाहिलेले होते. माझा मुद्दा तिथेच सिद्ध झाला.

नोंदीपुरता तिचा परिचय असा. जन्म ४ ऑक्टोबर १९४२, म्युनिक. आ-डे-आ-त्से या मोटारचालकांच्या मोठ्या क्लबात ती सेक्रेटरी होती. १९६६ मध्ये फासबिंडरशी ओळख झाली, त्याच्या ‘डेर श्टाटश्ट्राइशर’ या दहा मिनिटांच्या लघुपटात ती दिसली आणि पुढे त्याच्याच आग्रहावरून तिने नोकरी सोडली. अभिनयाचे शिक्षण तिने कधी घेतले नव्हते. १९६८ पासून म्युनिकच्या ‘आन्टीटेआटर’ या नाट्यसंचात आणि त्यानंतर फासबिंडरच्या जवळजवळ वीस चित्रपटांत तिने कामे केली. २६ मे २०२० रोजी, वयाच्या ७७व्या वर्षी, बर्लिनमध्ये तिचे निधन झाले.

सत्र ५ आणि ६ ऑक्टोबरला होईल. तिच्या जन्मदिवशी, ४ तारखेला, सभागृह मिळत नाही. चार चित्रपट, चारही मराठी सबटायटलांसह, आणि सोळा पानांची एक पुस्तिका. सबटायटल आणि पुस्तिका माझ्याकडे. जर्मनची तपासणी बाई करतील. आमच्यापैकी निम्म्या लोकांना त्यांनीच जर्मन शिकवले आहे आणि निवृत्त होऊनही त्यांचा लाल पेन निवृत्त झालेला नाही.

१५ जून

तांत्रिक नियम ठरवून घेतले. पडद्यावर एका वेळी जास्तीत जास्त दोन ओळी असाव्यात, कोणतेही सबटायटल एका सेकंदापेक्षा कमी आणि सहा सेकंदांपेक्षा जास्त काळ राहू नये आणि दोन सबटायटलांमध्ये निदान दोन फ्रेमचे अंतर असावे. अक्षरमर्यादेची मात्र पंचाईत आहे, कारण आमचे सॉफ्टवेअर रोमन लिपीच्या हिशेबाने अक्षरे मोजते. ‘स्त्री’ हे आपल्या दृष्टीने एक अक्षर. सॉफ्टवेअर त्यात स, हलन्त, त, हलन्त, र आणि दीर्घ वेलांटी असे सहा घटक मोजते आणि ओळ लांब झाली म्हणून लाल खूण करते. ती खूण पाहायची नाही, ओळ मोठ्याने वाचून वेळ लावायची, असे ठरवले.

२९ जून

‘कात्सेलमाखर’ (१९६९) पूर्ण झाला.

८८ मिनिटांच्या या चित्रपटात म्युनिकच्या एका वस्तीतील तरुण जोडपी कठड्यावर बसून असतात, एकमेकांची उणीदुणी काढतात, उसने पैसे मागतात आणि पुन्हा कठड्यावर येऊन बसतात. कॅमेरा बहुतेक वेळ जागचा हलत नाही. मग योर्गोस नावाचा ग्रीक कामगार तिथे राहायला येतो आणि या रिकामटेकड्यांना द्वेष करायला हक्काचा माणूस मिळतो. पश्चिम जर्मनीने परदेशी कामगार आणण्याचे करार १९५५ मध्ये इटलीशी, १९६० मध्ये स्पेन व ग्रीसशी आणि १९६१ मध्ये तुर्कस्तानशी केले होते. म्हणजे योर्गोस सरकारी निमंत्रणावरूनच आलेला आहे. ही भूमिका फासबिंडरने स्वतःच केली आहे.

‘कात्सेलमाखर’ हा दक्षिणेकडून आलेल्या माणसासाठी बव्हेरियात वापरला जाणारा तुच्छतादर्शक शब्द आहे. त्याला मराठीत काय म्हणावे यावर दोन संध्याकाळी गेल्या. आपल्याकडे परप्रांतीयांसाठी असलेले शब्द ओठांवर येतात आणि ते चपखलही बसतात, पण एकदा तो शब्द पडद्यावर आला की प्रेक्षक म्युनिकमधून उठून थेट आपल्या गल्लीत येऊन बसतो आणि मग योर्गोस दिसेनासा होतो. शेवटी संवादांत ‘उपरा’ घेतला आणि शीर्षक तसेच ठेवले.

योर्गोसला खोली भाड्याने देणारी एलिझाबेथ म्हणजे इर्म हेरमान. वस्तीत तिच्याबद्दल नको ते बोलले जाते, तिच्याच जिवावर जगणारा पेटरही कुरकुरतो, पण ती भाडे घेत राहते, तेही चढे. शेवटाकडे वस्तीतल्या मंडळींना तिच्या व्यवहाराचे गणित उमगते आणि त्यांच्या द्वेषाला अचानक हिशेबाची जोड मिळते: या माणसाकडून पैसे सुटत असतील तर राहू द्या त्याला. हेरमान ही भूमिका करताना आवाज चढवत नाही. ती वाक्ये उच्चारते ती एखादी पावती फाडून द्यावी तशी. मराठी वाक्ये आपोआप लांबत होती, ‘बरं का’, ‘अगं’, ‘तर’ असली भर पडत होती. ती सगळी काढून टाकली. पावतीवर ‘बरं का’ लिहीत नाहीत.

१३ जुलै

‘हेन्डलर डेर फीअर यारेसत्साइटन’ (१९७२). प्रथम शीर्षक. शब्दशः ‘चार ऋतूंचा व्यापारी’ होते आणि कविता वाटते, पण मुळात हा हातगाडीवर हंगामी फळे-भाजी विकणाऱ्यासाठी असलेल्या फ्रेंच शब्दप्रयोगाचा जर्मन तर्जुमा आहे. म्हणून मराठीत नुसते ‘हातगाडीवाला’. बाईंनी प्रथम नाक मुरडले, मग मान्य केले.

कथानक १९५०च्या दशकातील म्युनिकमधले आहे. हान्स एप हा फ्रेंच परकीय सैन्यदलातून परतलेला, पोलिसातली नोकरी गमावलेला माणूस इमारतींच्या चौकात उभा राहून पेअर विकतो. त्याची बायको इर्मगार्ड ही भूमिका हेरमानची आहे आणि तिच्यासाठी तिला १९७२ चे जर्मन राष्ट्रीय चित्रपट पारितोषिक मिळाले.

या चित्रपटात मला सर्वांत जास्त त्रास एका सर्वनामाने दिला. जर्मन नवरा-बायको एकमेकांना ‘डू’, म्हणजे ‘तू’, म्हणतात, तिथे प्रश्नच नाही. मराठीत मात्र त्या काळातली बायको नवऱ्याला ‘अहो’ म्हणणार आणि नवरा तिला ‘अगं’. पहिल्या खर्ड्यात मी इर्मगार्डला ‘अहो’ दिले, कारण वाक्य कानाला ओळखीचे वाटत होते. पाच दृश्ये झाल्यावर लक्षात आले की ती बदलली आहे. हान्स दारू पिऊन येतो आणि मुलीच्या देखत तिला मारतो, दुसऱ्या दिवशी ती सासरच्या मंडळींसमोर घटस्फोटाची भाषा करते, वकिलाला फोन लावते आणि त्याच क्षणी हान्सला हृदयविकाराचा झटका येतो. ‘अहो, मला घटस्फोट हवा’ असे म्हणणारी बाई मराठी प्रेक्षकाला एकतर अन्यायाने पेटून उठलेली सोशीक पत्नी वाटेल, नाहीतर नाटकी. इर्मगार्ड दोन्ही नाही. उलट ‘तू’ दिले की ती उद्धट वाटण्याचा धोका आहे, विशेषतः हान्स इस्पितळात असताना ती परपुरुषाला घरी आणते त्या दृश्यानंतर. तरीही ‘तू’च ठेवले. ज्या बरोबरीच्या नात्याने हे दोघे एकमेकांना छळतात ते नाते ‘अहो’ने झाकले जाते, हे बाईंचे म्हणणे आणि तेच बरोबर होते.

फासबिंडरने त्या सुमारास डग्लस सर्कचे हॉलिवूडमधील कौटुंबिक चित्रपट पाहिले होते आणि भावनेला भरपूर जागा देण्याचे धाडस त्याने तिथून घेतले, असे सर्वत्र लिहिले जाते. पण सगळी भावना हान्सच्या वाट्याला जाते, याकडे पुरेसे लक्ष गेलेले नाही. त्याला प्रेम नाकारणारी आई आहे, हुकलेली प्रेयसी आहे, मित्रांसमोर एकामागून एक पेले रिचवत ओढवून घेतलेले मरण आहे. इर्मगार्डच्या वाट्याला धंदा येतो. नोकर ठेवायचा कोण, त्याला काढायचा कसा, गाडी कोण ओढणार, गल्ल्यात किती जमले, हे सगळे ती पाहते. हान्स शेवटचे पेले पीत असताना ती तिथेच बसलेली असते. मग अंत्यसंस्कारानंतर मोटारीत बसल्यावर ती हान्सच्या मित्राला, हॅरीला, पुढची व्यवस्था विचारते आणि तो उत्तर देतो: ‘ओके’. मी आधी ‘चालेल’ केले होते. ‘चालेल’मध्ये किंचित माया आहे. म्हणून ‘ओके’च ठेवले.

एक कबुली लिहून ठेवतो. पहिल्या खर्ड्यात इर्मगार्डच्या तोंडी मी दोन ठिकाणी मूळ संवादात नसलेला तिखटपणा घातला होता, केवळ तिचा चेहरा पाहून. लांबट, फिकट, ओठ मिटलेला चेहरा. तो पाहिला की आपण तिला कजाग ठरवून मोकळे होतो आणि भाषांतरकार नकळत साक्षीदाराचा न्यायाधीश होतो. दोन्ही वाक्ये पुन्हा सपाट केली.

१४ जुलै

‘पेअर’ की ‘नासपती’? ‘पेअर’. बाजारात कोणी नासपती म्हणत नाही.

१० ऑगस्ट

‘पेट्रा फॉन कान्टचे कडू अश्रू’ (१९७२) सुरू केला. १२४ मिनिटे, एक खोली, सहा स्त्रिया, पडद्यावर पुरुष नाही. पुरुष आहेत ते पलंगामागच्या भिंतभर चित्रात, चित्रकार पूसँच्या मिडास आणि बॅकसच्या. चित्रीकरण जानेवारी १९७२ मध्ये वोर्प्सवेडे येथे अवघ्या दहा दिवसांत झाले आणि छायालेखन मिखाएल बालहाउसचे आहे. फॅशन डिझायनर पेट्रा (मार्गिट कार्स्टेन्सेन) कारिन नावाच्या तरुणीवर (हाना शिगुला) प्रेम करते आणि त्यात उद्ध्वस्त होते. मार्लेने ही पेट्राची सहायिका, मोलकरीण, टंकलेखिका आणि, हळूहळू लक्षात येते त्याप्रमाणे, तिची बहुतेक डिझाइन्स काढणारीही. ही भूमिका हेरमानची. मार्लेने संपूर्ण चित्रपटात एक शब्दही बोलत नाही.

पहिल्या पाटीवरच अडलो. उपशीर्षकात चित्रपटाला ‘एक रुग्णप्रकरण’ म्हटले आहे आणि पुढे अर्पण आहे: जो येथे मार्लेने झाला त्याला. मूळ जर्मनमध्ये क्रियापदाला लिंग नाही, सर्वनामाला आहे आणि ते पुल्लिंगी आहे. त्यामुळे वाचणारा किंचित थबकतो आणि पुढे जातो. मराठीत ‘झाला’ लिहिले की लिंग क्रियापदातही ठसठशीत उभे राहते आणि प्रेक्षकाला सबटायटलमध्ये चूक झाली असेच वाटेल. ‘झाली’ लिहिले तर वाक्य सुरळीत, पण खोटे. बाईंनी लाल पेनाने ‘झाला’खाली दोन रेघा ओढल्या आणि समासात लिहिले: ‘चूक वाटू दे.’ तसेच ठेवले आहे. मार्लेनेच्या जागी फासबिंडरच्या मनात कोण होते याविषयी समीक्षकांनी निरनिराळी नावे घेतली आहेत. ती पुस्तिकेत घेणार नाही.

दुसरी अडचण हास्यास्पद आहे. ‘मार्लेने’ हे नाव देवनागरीत लिहिले की मराठी डोळ्याला ते ‘मार्ले’ अधिक तृतीयेचा ‘ने’ असे दिसते. पुस्तिकेच्या मसुद्यातले ‘मार्लेने चित्र काढते’ हे वाक्य मुद्रितशोधन करणाऱ्या सदस्याने ‘मार्लेने चित्र काढले’ असे सुधारून परत पाठवले. नाव तसेच राहील, ‘मार्लेनेने’ असे लिहू आणि लोक हसले तर हसोत.

१७ ऑगस्ट

पेट्राची संवादयादी पूर्ण झाली. प्रत्येक पात्राच्या सबटायटलांची संख्या सॉफ्टवेअर वेगळी काढून देते. मार्लेनेपुढे शून्य.

तरीही हा चित्रपट तिसऱ्यांदा पाहताना माझी नजर सतत तिच्यावर जात होती. श्रेयनामावलीत पायरीवर बसलेली दोन मांजरे दिसतात, मग मार्लेने खिडकीवरचे पडदे उघडते आणि पेट्राला जाग येते; म्हणजे चित्रपटाची पहिली कृती तिची आहे. पेट्रा दिग्दर्शक मँकिएविच यांना पत्र सांगते, मार्लेने उतरवून घेते. पेट्रा बोलते, मार्लेने रेखाटते. पेट्रा आणि कारिन एकमेकींना आपापली आयुष्ये सांगत असताना मागे टाइपरायटर चालू असतो. काळ्या पोशाखातील ही बाई काचेआड उभी राहून ऐकते तेव्हा ती नक्की काय ऐकते आहे ते चेहऱ्यावर कळत नाही, पण ऐकते आहे हे हातांवरून कळते. टाइप करणारे तिचे हात अजिबात अडखळत नाहीत. मोटारचालकांच्या क्लबातल्या टेबलाशी बसून हेरमानने अशी किती पत्रे उतरवून घेतली असतील असे मनात आले.

यावरून एक व्यावहारिक प्रश्न उभा राहिला. आमच्या सभासदांत कमी ऐकू येणारे काही ज्येष्ठ प्रेक्षक आहेत आणि त्यांच्यासाठी ध्वनीच्या सूचना चौकटी कंसात द्यायच्या असे गेल्या सत्रापासून ठरले आहे. सामान्यतः दार वाजले, फोन वाजला, संगीत सुरू झाले, एवढेच देतो. इथे टाइपरायटर द्यायचा का? दिला तर त्या दृश्यात पेट्रा-कारिनच्या संवादांच्या ओळींवर गर्दी होते. नाही दिला तर ज्याला ऐकू येत नाही त्याच्यासाठी त्या प्रसंगात मार्लेने उरतच नाही, कारण तिचे सगळे बोलणे त्याच खडखडाटात आहे. [टाइपरायटर चालू] आणि [टाइपरायटर थांबतो] अशा दोनच सूचना ठेवल्या आणि त्यांच्यासाठी कारिनचे एक वाक्य अर्ध्यावर आणले. मार्लेनेच्या नावापुढचे शून्य मात्र तसेच आहे, कारण सॉफ्टवेअर ध्वनी कोणाच्याच खात्यावर टाकत नाही.

३१ ऑगस्ट

पुस्तिकेतला सर्वांत अवघड परिच्छेद आज लिहून झाला. फासबिंडरने तिला पडद्यावर आणले, भूमिका तिला डोळ्यांपुढे ठेवून लिहिल्या आणि त्याच काळात तिला छळलेही; हे तिने स्वतः मुलाखतींतून सांगितले आहे. पहिला मसुदा वाचून एक सदस्य म्हणाले की हे चित्रपटांच्या पुस्तिकेत कशाला. त्यांचे म्हणणे अगदीच टाकाऊ नाही. असे तपशील एकदा आले की वाचक बाकी सगळे विसरतो आणि अभिनेत्री पुन्हा कोणाची तरी बळी म्हणूनच ओळखली जाते. म्हणून चार वाक्ये ठेवली, तीही जाच तिने सांगितल्याप्रमाणे आणि पुढची गोष्ट तितक्याच जागेत: सत्तरच्या दशकाच्या मध्यावर ती म्युनिक सोडून बर्लिनला गेली, तिने लग्न केले, तिला दोन मुलगे झाले आणि काम थांबले नाही. हेर्झोगच्या ‘वोयत्सेक’मध्ये (१९७९) ती मार्ग्रेट आहे, १९८० च्या ‘बर्लिन अलेक्झांडरप्लात्स’साठी ती फासबिंडरकडे परतली, उलरिके ओटिंगरच्या ‘योहाना दार्क ऑफ मंगोलिया’त (१९८९) आहे आणि लोरिओच्या ‘पापा आन्टे पोर्टास’ (१९९१) या लोकप्रिय विनोदी चित्रपटातही आहे. जर्मनीतल्या पुष्कळ घरांत तिचा चेहरा ओळखला जातो तो या शेवटच्या चित्रपटामुळे, हे फासबिंडरभक्तांना रुचत नाही.

७ सप्टेंबर

चौथा चित्रपट: पर्सी आडलोनचा ‘फ्युन्फ लेत्स्टे टागे’ (१९८२), ‘अखेरचे पाच दिवस’. खळबळजनक यादीत हा बसत नाही अशी हरकत आली. चित्रपटात चढा आवाज नाही, नग्नता नाही, मारहाण जवळजवळ नाही. पण १८ फेब्रुवारी १९४३ रोजी म्युनिक विद्यापीठात नाझीविरोधी पत्रके टाकताना पकडली गेलेली विद्यार्थिनी सोफी शोल २२ तारखेला गिलोटीनखाली गेली आणि मधल्या दिवसांत गेस्टापोच्या, म्हणजे नाझी गुप्त पोलिसांच्या, कोठडीत तिच्यासोबत एल्झे गेबेल ही कैदी होती. युद्धानंतर गेबेलने त्या दिवसांची आठवण लिहून ठेवली. आडलोनने सगळा चित्रपट तिच्या बाजूने मांडला आहे. हेरमान ही गेबेल आहे आणि लेना श्टोल्त्से सोफी. श्टोल्त्सेने त्याच वर्षी मिखाएल फेरहोफेनच्या ‘डी वाइसे रोझे’तही सोफीचीच भूमिका केली होती.

गेबेलला तुरुंगात कारकुनी काम दिलेले होते. नव्या कैद्यांची नोंद ती करत असे. म्हणजे पुन्हा टेबल, पुन्हा कागद. भाडे घेणारी एलिझाबेथ, धंदा पाहणारी इर्मगार्ड, टंकलेखन करणारी मार्लेने आणि नोंदणीवहीपुढे बसलेली गेबेल: चारही चित्रपट निवडताना हे माझ्या डोक्यात नव्हते, पण आता पुस्तिकेतला क्रम याच धाग्यावर लावला आहे. फरक एवढाच की इथे कारकुनी करणारी बाई समोरच्या मुलीला वाचवू शकत नाही हे जाणते आणि तरी तिच्याशी बोलत राहते. मार्लेनेनंतर दहा वर्षांनी हेरमानला पडद्यावर इतके हळुवार बोलताना ऐकून बाई म्हणाल्या, ‘हिचा आवाज आपण इतके दिवस चुकीचा ऐकत होतो.’

भाषांतर सोपे गेले. सोफी गेबेलला ‘तुम्ही’ म्हणेल की ‘तू’ यावर फक्त एक दुपार.

२१ सप्टेंबर

चाचणी प्रदर्शनात फजिती. ‘पेट्रा’ची सबटायटले मी सेकंदाला २४ फ्रेमच्या प्रतीवर बसवली होती आणि पुरवठादाराकडून सभागृहासाठी आलेली प्रत २५ फ्रेमची निघाली. पहिल्या काही सेकंदांत काहीच जाणवत नाही. दोन-तीन मिनिटांतच ओळी मागे पडू लागतात. १२४ मिनिटांचा चित्रपट २५ फ्रेमने सुमारे ११९ मिनिटांत संपतो, तेव्हा शेवटाला जवळजवळ पाच मिनिटांची तफावत होती. मार्लेने सूटकेस भरून निघून गेली, दिवे लागले, आणि पेट्राची वाक्ये पडद्यावर येतच राहिली. सगळे हसले; मीही. सर्व वेळा ०.९६ ने गुणून फाइल नव्याने काढली आणि दर दहा मिनिटांवर एक ओळ हाताने तपासली.

शिवाय सभागृहातील संगणकावर जुना फॉन्ट असल्याने जोडाक्षरे तुटून दिसत होती. फॉन्ट बदलला.

६ ऑक्टोबर

सत्र संपले. काल ‘कात्सेलमाखर’ला ४१ आणि ‘हातगाडीवाला’ला ५८ प्रेक्षक, आज ‘पेट्रा’ला ६३ आणि ‘अखेरचे पाच दिवस’ला ७०. ‘झाला’ ही चूक आहे असे तीन जणांनी येऊन सांगितले. इर्मगार्डबद्दल मध्यंतरात जे बोलले जात होते ते ऐकून ‘तू’ ठेवल्याचा क्षणभर पश्चात्ताप झाला, क्षणभरच.

‘पेट्रा’च्या शेवटी पेट्रा प्रथमच मार्लेनेला तिच्याबद्दल विचारते, तिचे आयुष्य सांग म्हणते. मार्लेने उत्तर न देता छोटी सूटकेस काढते, त्यात पिस्तूल आणि बाहुली ठेवते आणि निघून जाते. त्या ठिकाणी मी [सूटकेस बंद होते] अशी सूचना दिली होती. चित्रपटानंतर पहिल्या रांगेतील, यंत्र लावूनही कमी ऐकू येणाऱ्या एका आजींनी मला थांबवून सांगितले की टाइपरायटरच्या सूचना फार उपयोगी पडल्या, पण ही शेवटची नको होती. सूटकेस बंद होताना त्यांना दिसत होती आणि ती ओळ वाचण्यात मार्लेनेचा चेहरा हुकला.

फाइलमधून ती ओळ काढून टाकली आहे. नवी आवृत्ती बाईंकडे पाठवली.